सामाईक डबा

स्मरणिका समितीची मंडळी दिवाळीनंतर घरी आली आणि म्हणाली, "सर, तुम्ही पहिले खजिनदार. सोसायटीचा इतिहास तुम्हीच लिहा." मी हो म्हणालो आणि जुन्या फाइली काढून बसलो. नोंदणीचं वर्ष २०००, प्लॉटची खरेदी, बोअरला पाणी लागेना म्हणून झालेली तीन ठिकाणची खोदाई, कंपाउंडची भिंत, हे सगळं दोन पानांत संपलं. ते अहवालात छापलेलंच आहे, पुन्हा लिहून शाई कशाला घालवायची? मग वाटलं, पंचवीस वर्षांपूर्वी आपण सोळा-सतरा जण जिल्हा परिषदेच्या शाळेच्या व्हरांड्यात बसून 'मिळून घर करू' असं म्हणालो, ही कल्पना माझ्या डोक्यात आली कुठून ते सांगावं. तिचा उगम बीडमध्ये नाही. तो आहे तेव्हाच्या औरंगाबादेत, औरंगपुऱ्याच्या मागच्या एका गल्लीत, दहा बाय बाराच्या पत्र्याच्या खोलीत. साल १९७२.

आम्ही चौघे होतो आणि चौघेही बीड जिल्ह्याचे. चित्रकलेच्या अभ्यासक्रमाला आलेलो. शाळेत एलिमेंटरी, इंटरमिजिएटच्या परीक्षा दिलेल्या, गावातल्या गणपतीचा पडदा रंगवलेला, एवढ्या भांडवलावर. एकमेकांना आम्ही गावाच्या नावानंच हाक मारायचो, तीच इथं ठेवतो : केज, आष्टी, धारूर आणि मी पाटोदा. खोलीचं भाडं महिना चाळीस रुपये. घरमालकीणबाई, आम्ही त्यांना काकू म्हणायचो, एक तारखेला बरोबर दारात उभ्या. पाण्याचा नळ अंगणात, दोन बिऱ्हाडांत एक. झोपायला दोन सतरंज्या, आणि मधे एक लाकडी पेटी, तिच्यावर कागद ठेवून चित्रं काढायची. दोघं चित्र काढत असले की बाकीच्या दोघांनी भिंतीला टेकून बसायचं, असा नियम.

त्या वर्षी पाऊस पडला नाही. खरं तर आदल्या वर्षीही धड पडला नव्हता. आज आपल्याकडच्या तरुण मंडळींना १९७२ चा दुष्काळ म्हणजे आजोबांचं पालुपद वाटतं, पण ज्यांनी तो पाहिला त्यांना अजूनही लाल ज्वारी नको वाटते. अमेरिकेतून आलेली ती मिलो ज्वारी रेशनवर मिळायची. भाकरी थापली तर फुटायची, खाल्ली तर घशात अडकायची. खडी फोडायच्या कामावर मुलाबाळांना सुकडी वाटायचे. पाझर तलाव, नालाबांध, रस्ते, सगळीकडे माणसं. बालाघाटाच्या पट्ट्यात, म्हणजे आमच्या पाटोदा-आष्टीकडं, कालपर्यंत ज्यांच्या दारात दोन बैल होते तीही माणसं हातोडा घेऊन रांगेत बसली. वि. स. पागे यांच्या कल्पनेतली रोजगार हमी त्याच काळात मोठी झाली, पुढं १९७७ साली तिचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. आमच्या आई-बापांना कायदाबियदा माहीत नव्हता, त्यांना मस्टर माहीत होतं. मस्टरवर नाव लागलं की चूल पेटली.

अशा वर्षात पोरगं औरंगाबादला चित्रं काढायला ठेवायचं म्हणजे गावात चेष्टाच. माझा चुलता म्हणाला होता, "तिकडं ढग तरी काढ, दोन इकडं पाठव."

घरून पैसे येणं श्रावणातच बंद झालं. मग आम्ही चौघांनी एक डालड्याचा रिकामा डबा धुऊन घेतला आणि ठरवलं की ज्याला जे काम मिळेल त्यातले अर्धे पैसे डब्यात. कामं मिळायचीही. सिनेमाची बोर्डं रंगवणाऱ्या एका माणसाकडं रात्री जाऊन पार्श्वभूमी भरायची. दुकानांच्या पाट्या, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर नावं. कुटुंबनियोजनाचा लाल त्रिकोण तर आम्ही इतक्या भिंतींवर काढला की आष्टी म्हणायचा, "आपली कला राहू दे, निदान लोकसंख्या तरी आपण आटोक्यात आणली." बोअर घेणारी यंत्रं त्या वर्षी मराठवाड्यात नवी नवी फिरत होती, त्या गाड्यांवरही आम्ही अक्षरं काढली. माझं अक्षर बरं म्हणून डब्याचा हिशोब माझ्याकडं. वहीत डाव्या बाजूला जमा, उजव्या बाजूला खर्च. रॉकेल, मिलो, मीठ, मिरची, भाडं, आणि दर महिन्याला एक ओळ 'रंग'. रंग सामाईक होते. पांढरा सगळ्यात आधी संपायचा आणि त्यावरून भांडणं व्हायची.

आमच्या एका शिक्षकांनी आमची ही व्यवस्था पाहिली आणि हसून म्हणाले, "तुम्ही तर अंधेरीचं बिऱ्हाड मांडलंय." आम्हाला काही कळलं नाही. मग त्यांनी सांगितलं ते पहिल्यांदा कानावर पडलं. पुढं आयुष्यभर जिथं मिळेल तिथं मी त्याबद्दल वाचत आलो.

तर ते असं. १९४३ साली बंगालमध्ये भयंकर दुष्काळ पडला. महायुद्ध चालू, तांदूळ बाजारातून गायब, सरकारचं लक्ष दुसरीकडं. लाखो माणसं मेली. त्याच वर्षी २५ मे रोजी मुंबईत 'इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशन' म्हणजे इप्टा स्थापन झाली. पहिले अध्यक्ष होते कामगार चळवळीतले ना. म. जोशी, आपले मराठी गृहस्थ. चित्तप्रसाद या तरुण चित्रकारानं तिचं नगारा वाजवणाऱ्याचं बोधचिन्ह काढलं. याच चित्तप्रसादनं बंगालच्या खेड्यांतून फिरून भुकेल्या माणसांची काळ्या शाईतली चित्रं काढली होती. ती छापील स्वरूपात मी पाहिली तेव्हा मला आमच्या पाटोद्याच्या रस्त्यावरची खडी फोडणारी माणसंच दिसली.

याच सुमारास हिमालयात अल्मोड्याला उदय शंकर यांचं नृत्यकेंद्र पैशांअभावी बंद पडलं. तिथं शिकणारी-शिकवणारी मुलं रस्त्यावर आली. त्यातले काही मुंबईला आले आणि १९४४ मध्ये अंधेरीला इप्टाचं 'सेंट्रल स्क्वॉड', म्हणजे मध्यवर्ती पथक, उभं राहिलं. शांती बर्धन नृत्याचे प्रमुख, बिनय रॉय यांच्यासारखे गाणारे, पुढं अवनी दासगुप्ता आणि विशी-पंचविशीतले रविशंकर संगीताला. मुंबईची गुल झवेरी तिथंच नाचायला लागली, पुढं तिचं शांती बर्धनांशी लग्न झालं. बंगाल, आंध्र, गुजरात, उत्तर भारत, कुठकुठली मुलं-मुली एका घरात. तालीम तिथंच, जेवण तिथंच, झोप तिथंच. पगार असा नाही. राहणं-खाणं सामाईक आणि वरखर्चाला थोडेसे पैसे. 'स्पिरिट ऑफ इंडिया', 'इंडिया इमॉर्टल' ही नृत्यनाट्यं तिथं बसली आणि मग ती घेऊन ही मंडळी गावोगाव फिरली, दुष्काळग्रस्तांसाठी निधी जमवत.

अंधेरी तेव्हा आजची अंधेरी नव्हती, आडबाजूचं ठिकाण होतं. अशा घरात संध्याकाळी पाच भाषा एका वेळी बोलल्या जात असतील आणि आमटीत मीठ किती यावर एकमत होत नसेल, ही माझी कल्पना. पण चौघांत एकमत होत नव्हतं हे मी स्वतः अनुभवलंय, तर त्यांचं काय झालं असेल!

पथक फार टिकलं नाही. राजकारण बदललं, मतभेद झाले, १९४७ च्या सुमारास ते मोडलं. शांती बर्धनांना क्षयानं गाठलं. तरी त्या माणसानं १९५२ मध्ये 'लिटल बॅले ट्रूप' काढला, पुन्हा तसाच एकत्र राहणारा संच, आणि माणसांना कठपुतळ्यांसारखं नाचवत रामायण बसवलं. १९५४ मध्ये ते गेले. गुलबाईंनी संच चालू ठेवला, आधी ग्वाल्हेरला आणि मग भोपाळला नेला.

त्याच १९४४ साली इकडं मराठीत अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर यांनी 'लाल बावटा कलापथक' काढलं. अमर शेख तर आपल्या शेजारचे, बार्शीचे. अण्णा भाऊ माटुंग्याच्या लेबर कॅम्पात राहत. बंगालच्या दुष्काळावर त्यांनी पोवाडा रचला, 'बंगालची हाक' नावाचा. म्हणजे वाटेगावचा माणूस माटुंग्याच्या झोपडीत बसून कलकत्त्याच्या भुकेवर गातो आणि ऐकणारे कोण, तर गिरणगावातले कोकणी, घाटी कामगार. ते कामगारही एकेका खोलीत वीस-वीस जण, गावकीच्या खोल्या करून राहणारे. पाळीनं कामावर, पाळीनं झोप. एकाची वळकटी उठली की दुसऱ्याची पसरायची. जेवण खानावळवाल्या बाईकडं. भजनी मंडळ, नाटक, शक्तितुरा सगळं त्याच खोल्यांतून निघालं. १९८२ च्या संपानं गिरण्या बसल्या आणि त्या खोल्यांतलं गाणंही बसलं. 'कामगार रंगभूमी' हा शब्द आता फक्त स्पर्धेच्या पत्रकावर दिसतो, असं मला तरी वाटतं.

आणि एक गोष्ट पुण्याची, ती मुलांना आवडते म्हणून मी वर्गात नेहमी सांगायचो. प्रभात फिल्म कंपनीत १९४५ च्या आसपास दोन तरुण होते. एक अल्मोड्याच्या त्याच नृत्यकेंद्रात शिकून आलेला, नृत्य बसवणारा गुरुदत्त. दुसरा पंजाबातून नट व्हायला आलेला देव आनंद. धोब्यानं कपड्यांची अदलाबदल केली, याचा शर्ट त्याच्या अंगावर गेला, आणि त्यावरून ओळख झाली असं सांगतात. दोघांच्या खिशात काही नाही. तेव्हा म्हणे ठरलं की आपल्यापैकी जो आधी मोठा होईल त्यानं दुसऱ्याला बोलवायचं. देव आनंदनं स्वतःची 'नवकेतन' काढल्यावर शब्द पाळला आणि १९५१ चा 'बाजी' गुरुदत्तनं दिग्दर्शित केला. प्रभात मात्र १९५३ मध्ये बंद पडली. तिच्या जागेवर आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे आणि तिथल्या झाडांखाली अजूनही पोरं खिसे चाचपत बसतात.

आपल्या जिल्ह्याला एकत्र राहून पोट भरणं नवीन नाही, हे मला उशिरा उमगलं. 'फड' हा शब्द घ्या. उसाचा फड आणि तमाशाचा फड, शब्द एकच. दसरा झाला की आपल्याकडची कोयत्यांची बैलगाडी निघते. तमाशाचा फडही दसऱ्यालाच बाहेर पडतो. दोन्हीकडं हंगामाआधी 'उचल' घ्यायची, एकीकडं मुकादमाकडून, दुसरीकडं फडमालकाकडून, आणि मग ती फिटेपर्यंत राबायचं. एकीकडं कोप्या, दुसरीकडं राहुट्या. सहा-सात महिने एकत्र चूल, एकत्र दुखणी, बाळंतपणंसुद्धा वाटेत. फरक एवढाच की तमाशात रात्री दिवे लागतात. आमच्या खोलीतला केज हे बोलून दाखवायचा, कारण त्याचा मामा ढोलकी वाजवायचा आणि बाप ऊस तोडायचा.

आता मला जे सांगायचं आहे ते सांगतो. हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. आमच्या घरातही नाही.

१९७२ च्या डिसेंबरात डब्यात त्रेसष्ट रुपये चाळीस पैसे होते. दोन महिन्यांचं थकलेलं भाडं द्यायला चौघांनी पोटाला चिमटा काढून साठवलेले. त्या आठवड्यात मला घरून पत्र आलं, शाळेतल्या गुरुजींनी लिहून दिलेलं. आईच्या पायावर दगड पडला होता, ती मस्टरवरून पंधरा दिवस खाली होती, आणि वडील उरलेला एक बैल विकायला काढत होते. वैरण नव्हती, त्यामुळं बैलाला कुणी काही देत नव्हतं. रविवारी केज आणि आष्टी भिंत रंगवायला गेले होते. धारूर तापानं फणफणून सतरंजीवर पडलेला. मी डब्यातून पस्तीस रुपये काढले, सोमवारी पोस्टात जाऊन मनिऑर्डर केली. मनात म्हटलं, बोर्डवाला माणूस शनिवारी माझे चाळीस रुपये देणार आहे, तेव्हा परत टाकू. वहीत लिहिलं नाही. चौघांना बसवून सांगितलं असतं तर तिघंही हो म्हणाले असते, हे मला तेव्हाही माहीत होतं. पण सांगायची लाज वाटली. प्रत्येकाच्या घरी तेच चाललं होतं, मग माझ्याच घरी पैसे का?

बोर्डवाल्यानं शनिवारी पैसे दिले नाहीत. पुढच्या शनिवारीही नाहीत. काकू दारात आल्या, केजनं डबा उघडला, आणि अठ्ठावीस रुपये चाळीस पैसे निघाले.

कुणी कुणाला चोर म्हणालं नाही. पण आष्टी धारूरकडं बघून एवढंच बोलला, "रविवारी खोलीत तूच होतास ना दिवसभर?" धारूर म्हणाला, "हाव, म्या होतो." मग थोड्या वेळानं, "म्या न्हाई घेतले रे." आणि मी वही हातात धरून उभा होतो.

चौथ्या दिवशी धारूरनं पत्र्याची ट्रंक भरली. म्हणाला, गावाकडं दुष्काळी कामावर मस्टर लिहायला माणूस पाहिजे, सातवी पास चालतो, मी तर मॅट्रिक. त्याचा हात आमच्या चौघांत सगळ्यात चांगला होता. बैलाचा डोळा काढावा तर त्यानंच. रंगांतला त्याचा वाटा त्यानं मागितला नाही, उलट स्वतःचा सहा नंबरचा ब्रश पेटीवर ठेवून गेला. तो ब्रश मी कितीतरी वर्षं वापरला.

फेब्रुवारीत बोर्डवाल्याचे पैसे आले. मी पस्तीस रुपये डब्यात टाकले आणि वहीत जमेच्या बाजूला लिहिलं, 'जुनी बाकी जमा'. कुणी विचारलं नाही कुठली बाकी. बहुतेक त्यांना वाटलं असेल धारूरनं पाठवले. ते मला नंतर सुचलं, आणि ते जास्त वाईट होतं.

पुढं आम्ही तिघं पास झालो. केज मुंबईला गेला, जाहिरातीच्या कंपनीत चिकटला. आष्टी आणि मी ड्रॉइंग मास्तर झालो. त्या काळात मराठवाड्यातली पोरं मुंबईला एकेकटी जायची आणि बहुतेक एकेकटीच परत यायची. म्हणून पुढं औरंगाबादची 'जिगीषा'ची मंडळी, प्रशांत दळवी, चंद्रकांत कुलकर्णी आणि त्यांचे सोबती, मिळून मुंबईच्या रंगभूमीवर गेली आणि १९९१ मध्ये त्यांचं 'चारचौघी' गाजलं, तेव्हा मला फार बरं वाटलं. मी बीडहून मुद्दाम ते नाटक बघायला गेलो होतो. नाटक चार बायकांच्या एका घराचं, स्वतःच्या हिमतीवर उभ्या राहणाऱ्या. मध्यंतरात मी बाहेर येऊन चहा घेतला आणि धारूरची आठवण आली.

त्याच वर्षी निवडणुकीच्या कामावर मला धारूरला जावं लागलं. बसस्टँडजवळ पाट्या रंगवायचं छोटं दुकान दिसलं. बाहेर ट्रॉलीच्या मागच्या फळीवर एक बैलजोडी रंगवून वाळत ठेवली होती. डोळ्यांवरून ओळखलं. तो बाहेर आला, केस पांढरे झालेले, म्हणाला, "पाटोदा! ये की, आत ये." चहा मागवला, मुलांची चौकशी केली, केज-आष्टीचं विचारलं. उठताना म्हणाला, "त्ये पैसे घावले का रे मग?"

मी म्हणालो, "हो, नंतर हिशोब जमला."

"बरं झालं," म्हणाला. त्याला खरंच बरं वाटलेलं दिसलं. हिशोब कसा जमला, हे त्यानं विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही. दोन वाक्यांचं काम होतं.

आता सोसायटीकडं येतो. व्हरांड्यातल्या त्या बैठकीत मी मोठं भाषण ठोकलं होतं, जुन्या सभासदांना आठवत असेल. १९१५ साली मुंबईत गावदेवीला सारस्वत मंडळींनी देशातल्या सुरुवातीच्या सहकारी गृहसंस्थांपैकी एक काढली आणि रावबहादूर तालमकी यांनी ही चळवळ वाढवली, इथपासून मी सुरुवात केली. मग वांद्र्याचं उदाहरण दिलं. बातम्यांत ऐकू येणारं 'मातोश्री' ज्या कलानगरात आहे ती मुळात कलावंतांची वसाहत. तिच्या जवळच 'साहित्य सहवास', लेखकांनी सहकारी तत्त्वावर बांधलेली. विंदा करंदीकर, गंगाधर गाडगीळ, धर्मवीर भारती, विजया राजाध्यक्ष तिथले रहिवासी. प्राध्यापक-कवी रमेश तेंडुलकरही तिथलेच, ज्यांचा सचिन त्या अंगणात खेळून मोठा झाला. इमारतींची नावंसुद्धा 'झपूर्झा', 'शाकुंतल', 'उषःकाल' अशी. सरकारनं जागा दिली, पण पैसे लेखकांनीच जमवायचे होते, आणि मराठी लेखकाकडं पैसे कधी असतात? तरी झालं. मास्तर, कारकून, कंडक्टर, नर्सबाई, आपल्याला का जमू नये, असं मी म्हणालो. टाळ्या पडल्या आणि त्याच बैठकीत मला खजिनदार केलं.

मी तेव्हा दोन अटी घातल्या. पैसे काढायला दोन सह्या, आणि दर महिन्याच्या पाच तारखेला जमाखर्च जिन्याखालच्या फळ्यावर खडूनं लिहायचा, पैशापर्यंत. लोक हसले. काहींना राग आला, "सर, आमच्यावर विश्वास नाही का?" 'सरांचा फळा' हा आपल्या सोसायटीतला विनोद झाला. गणेशोत्सवात मुलांनी त्यावर नाटुकलंही केलं, मी पुढच्या रांगेत बसून हसलो. मागच्या वर्षी व्हॉट्सअॅपच्या ग्रुपवर हिशोब येतोच, मग फळा काढा, असा ठराव आला तेव्हा मी एकट्यानं विरोध केला आणि का ते नीट सांगू शकलो नाही. अविश्वास दुसऱ्यांवर नव्हता, मंडळी.

आपल्या सोसायटीतली तीन-चार मुलं आज पुण्यात फ्लॅट करून एकत्र राहतात. कुणी अॅनिमेशन शिकतंय, एकजण सिनेमात सहाय्यक आहे, एक मुलगी कथक करते आणि सकाळी कॉल सेंटरला जाते. २०२० मध्ये टाळेबंदी झाली तेव्हा ती सगळी परत आली होती. गच्चीवर बसून पोस्टर रंगवायची, आठवतं ना? तेव्हा त्यातल्या एकानं मला विचारलं, "आजोबा, फ्लॅटचं भाडं चौघांत थकलंय, आधी कुणी भरायचं?" मी त्याला एक वही आणून दिली. डाव्या बाजूला जमा, उजव्या बाजूला खर्च. बाकीचं सांगायचं राहून गेलं, ते इथं लिहिलं.

आष्टी आता नाही. केज मुंबईत आहे, त्याला दिसत नाही फारसं, पण मुलगा वाचून दाखवील. धारूरचा पत्ता मागच्या महिन्यात मिळवला. दुकान मुलगा चालवतो, आता फ्लेक्स छापतो. बोर्ड रंगवणं बंद झालं, पण म्हातारा पोळ्याला अजून बैलांची शिंगं रंगवून देतो म्हणे, सगळ्या गल्लीची.

समितीला विनंती की स्मरणिकेच्या दोन प्रती मला जादा द्याव्यात. त्यांचे पैसे मी भरलेले आहेत, पावती घेतली आहे. पाच तारखेला फळ्यावर दिसेल.